दयारामचा कान

ही गोष्ट माझ्या तोंडून अजून बाहेर पडलेली नाही. बायकोला ठाऊक नाही, मुलांना नाही, आणि ज्याच्याशी तिचा संबंध आहे त्याला तर नाहीच नाही. तुम्हाला सांगतो आहे, कारण तुम्ही मला ओळखत नाही — आणि ओळखत असलात तर बहुधा एकाच कारणाने. भंडाऱ्यात कुठे जुन्या इंग्रजी सिनेमाचा विषय निघाला की लोक मला बोलावतात, आणि मी तिथे जाऊन एका अमेरिकन नटाच्या बाजूने भांडतो. भांडतो म्हणजे खरोखर भांडतो. घसा बसेपर्यंत.

आधी त्या नटाबद्दल सांगू द्या. मी मुद्दा टाळतो आहे असं वाटेल. वाटू द्या — टाळतोच आहे थोडा. पण त्याच्यावाचून पुढचं कळायचं नाही.

त्याचं नाव लिहीत नाही. लिहिलं तर तुम्ही लगेच मोबाईलवर शोधाल, पांढरा कोट घालून टिनाच्या यानासमोर उभा असलेला तो उंच माणूस बघाल आणि हसाल. सगळे हसतात. मला ते सहन होत नाही. कायले हसता बाप्पा? त्याने तुमचं काय वाकडं केलं?

माझे वडील जवाहरनगरच्या कारखान्यात होते. आम्ही क्वार्टरमध्ये राहायचो आणि कधीमधी मैदानात पडदा बांधून सिनेमा दाखवला जायचा. तिथे मी त्याला पहिल्यांदा पाहिलं. रिळं झिजलेली, आवाज चिरका, इंग्रजी धड कुणाला कळत नव्हतं. गोष्ट एवढीच, की एका खेड्याजवळ आभाळातून काहीतरी पडतं आणि त्यातून बैलाएवढी गोचीड निघते. गोचीड रबराची होती हे शेंबड्या पोरालाही दिसत होतं. तिला ओढणारी दोरीसुद्धा दिसत होती. मैदान हसून हसून लोळत होतं. आणि हा माणूस त्या रबराकडे असा बघत होता, की आता हे खेडं काही वाचत नाही. त्याचा ओठ थरथरत होता. मी हसायचा थांबलो, आणि शेजारच्या पोराने मला कोपर मारलं तरी थांबलेलाच राहिलो.

इंटरनेट आलं तेव्हा मी त्याचं सगळं आयुष्य खणून काढलं. आधी रेडिओवर बातम्या वाचायचा. मग रंगभूमीवर आला, राजे केले, खुनी केले, आंधळे म्हातारे केले. सिनेमात गेला तो पोटासाठी. पहिल्याच सिनेमात त्याला शास्त्रज्ञाचं काम मिळालं — जगाला सावध करणारा, आणि शेवटच्या रिळापर्यंत ज्याचं कुणी ऐकत नाही असा. सिनेमा चालला. झालं, तिथेच त्याचं वाटोळं झालं. पुढे कुणी तो पांढरा कोट त्याच्या अंगावरून उतरवूच दिला नाही. तो शुक्रावर गेला कोट घालून, समुद्राच्या तळाशी गेला कोट घालून. स्वस्तातले सिनेमे, उरकून टाकलेले. दिग्दर्शकाला कॅमेऱ्यापेक्षा घड्याळाची काळजी जास्त. आणि हा मात्र प्रत्येक वेळी जीव ओतून सांगायचा, की बाबांनो, वेळ फार थोडा उरला आहे.

मग लाट ओसरली. खरी रॉकेटं लोकांना घरबसल्या दिसू लागली, टिनाचं यान कुणाला नको झालं, आणि यानाबरोबर त्यालाही अडगळीत टाकलं. साबणाच्या जाहिराती केल्या. घरं विकायची दलाली केली. म्हातारपणी कुठल्याशा मेळ्यात टेबल मांडून स्वतःच्या फोटोंवर सह्या करत बसायचा. त्या काळातली त्याची एक मुलाखत आहे. विचारणारा पोरगा दात काढत विचारतो, त्या गोचिडीची भीती वाटायची का हो तुम्हाला? आणि तो शांतपणे सांगतो, की मलाच वाटली नसती तर तिकीट काढून आलेल्याला कशी वाटली असती.

ती मुलाखत मी कितीदा पाहिली असेल, आणि दर वेळी माझ्या तळपायाची आग मस्तकाला गेली. इतका प्रामाणिक नट! ज्यांनी त्याच्या जिवावर घरं बांधली त्यांच्यातल्या एकालाही त्याची आठवण राहू नये? वापरा आणि फेका — माणूस आहे की पत्रावळ? मी वर्तमानपत्रांत लेख लिहिले, शाळा-कॉलेजांत बोललो. संताप अगदी खरा होता, याबद्दल शंका घेऊ नका.

पण विचारा ना, भंडाऱ्यात बसून, कधी न भेटलेल्या माणसासाठी एवढा संताप कशासाठी? बायको विचारते. तिला मी कलेबद्दल चार मोठी वाक्यं ऐकवतो आणि ती भाजी निवडायला घेते.

आता दयारामबद्दल सांगतो. सांगायलाच हवं.

आमच्याकडे दिवाळी झाली की गावोगाव मंडई, म्हणजे जत्राच, भरते, आणि मंडई म्हटली की नाटक. झाडीपट्टीची नाटकं ज्यांनी पाहिली नाहीत त्यांच्यासाठी एक गोष्ट सांगतो. नटांना पाठांतराला वेळच नसतो. आज या गावात हे नाटक, उद्या त्या गावात ते. म्हणून विंगेत, पडद्याच्या आड प्रॉम्प्टर बसतो. पहिल्या वाक्यापासून शेवटच्या वाक्यापर्यंत सगळं नाटक आधी तो कुजबुजतो आणि मग नट बोलतात. त्यामुळे नटाचा आधी कान बघतात, मग गळा. चेहऱ्याचं काय, रंग लावून भागतं.

मी शाळेत मास्तर होतो आणि सीझनमध्ये प्रॉम्प्टर. आमचं मूळ गाव करडी, दयारामही करडीचा. माझ्याच वयाचा, धानाची थोडी शेती, उंच, सडपातळ. वाचायचा त्याला कंटाळा. अक्षर समोर आलं की डोकं दुखतं म्हणायचा. पण कान असा, की मी अर्धं वाक्य ओठांत पुटपुटावं आणि त्याने ते पूर्ण उचलावं.

एका वर्षी मी नाटक लिहिलं. त्या अमेरिकनाच्या वेडापायीच लिहिलं — करडीच्या तलावात आभाळातून काहीतरी पडतं आणि गावातला एक शास्त्रज्ञ सगळ्यांना सावध करत फिरतो. कंपनीच्या मालकाने कपाळावर हात मारला. झाडीपट्टीत सासू, सून आणि कुंकू लागतं, तलावात पडलेलं काय करायचं? शेवटी पोस्टरवर एका रडणाऱ्या बाईचं चित्र टाकायचं आणि नाव कुंकवाचं ठेवायचं, या अटीवर तयार झाला. शास्त्रज्ञ दयाराम. अंगात दवाखान्यातल्या कंपाउंडरचा मागून आणलेला पांढरा कोट.

आणि काय सांगू तुम्हाला! तो पाहिलात तर त्या अमेरिकनाला विसराल. आधी लोक हसले, तसंच जसं आमचं मैदान हसलं होतं. मग दयारामने तलावाकडे बघितलं. तलाव म्हणजे निळा कपडा, दोन पोरं तो धरून हलवत होती. त्याने बघितलं, आणि मंडप चिडीचूप. त्याची एक गंमत होती. माझं वाक्य कानावर येईपर्यंत तो थांबायचा ना, ते थांबणं लोकांना शास्त्रज्ञाचं विचार करणं वाटायचं. इतर नट थांबले की लोक म्हणत, विसरला. दयाराम थांबला की म्हणत, पाहा, डोकं चालवून राहिला.

नाटक गाजलं. एकेका गावाने दोन-दोनदा घेतलं. आंबागडकडच्या बायका त्याला डॉक्टरसाहेब म्हणून पोरांच्या तापावर औषध विचारायच्या, आणि तो बिचारा लाजून म्हणायचा की मी धानवाला आहो जी. मंडईत शाल-नारळ त्याला. फोटो त्याचा. मी? मी विंगेत मांडी घालून, मच्छर मारत. नाटक कुणी लिहिलं हे पोस्टरवर खाली, छापणाऱ्याच्या नावाच्या बाजूला. वाचतो कोण?

त्याहून खटकायचं ते वेगळंच. मी शुद्ध मराठीत लिहिलेलं वाक्य तो झाडीच्या बोलीत फिरवून टाकायचा, आणि नेमकं तेच वाक्य लोक दुसऱ्या दिवशी पानठेल्यावर म्हणायचे. दयारामचं वाक्य म्हणून! मी घासून-पुसून लिहिलेलं कुणाच्या लक्षात राहायचं नाही. मी त्याला टोकलं तर तो हसून म्हणे, मास्तर, तुहंच त आहे, मी फक्त जिभेले सोपं केलं. त्याच्या मनात काही नसायचं. माझ्या मनात मात्र साठत होतं.

मग एक दिवस कळलं की नागपूरहून एक सिनेमा काढणारे गृहस्थ नाटक बघायला येणार आहेत. त्यांनी आधी एकदा दयारामला पाहिलं होतं, आता पुन्हा पाहून नक्की करायचं होतं. सिनेमात शास्त्रज्ञ नव्हता, कोट नव्हता. एका बापाचं काम होतं, साधं, मोठं. दयारामने मला सांगितलं तेव्हा माझे दोन्ही हात धरले. म्हणाला, तू संग राह्यजो मास्तर, तू असला की मले भेव नाही.

तुम्हाला कळलंच असेल आता. तरी सांगतो.

तिसऱ्या अंकात शास्त्रज्ञाचं मोठं भाषण होतं. सगळा गाव पळून चाललेला असतो आणि तो एकटा तलावापाशी उभा राहतो. पाहुणे पहिल्या रांगेत खुर्चीवर. दयाराम पुढे आला, उभा राहिला, थांबला. वाक्य माझ्या समोर होतं, दिव्याच्या उजेडात, ठळक. मी तोंड उघडलं नाही.

आधीपासून ठरवलं होतं का? नाही. की होतं? इतकी वर्षं हा प्रश्न मी स्वतःला विचारतो आणि दर वेळी सोयीचं उत्तर घेतो. मनात एवढंच आलं, की जरा थांबू दे. कुणाच्या तोंडचं खातो ते कळू दे याला एकदा. जरा म्हणजे किती? एक श्वास. मग दुसरा. पाहुणे पुढे झुकले — त्यांना वाटलं, वा, काय थांबतो नट! तेव्हा मी वाक्य दिलं असतं तर तो थांबा त्याच्या आयुष्यातला सर्वांत भारी ठरला असता. हेही मला तेव्हा कळलं. आणि ते कळलं म्हणूनच मी दिलं नाही.

त्याने मान किंचित माझ्याकडे वळवली. डोळ्यांत राग नव्हता, शंका नव्हती. त्याला वाटत होतं, मी बोलतो आहे आणि त्यालाच ऐकू येत नाही. त्याने उजवा हात कानाशी नेला, लोकांसमोर, कोट घातलेला तो हात. मागून कुणीतरी शिटी मारली. मग दुसरी आली. मग पोरांनी चप्पल वाजवायला सुरुवात केली. त्याने आपल्या मनाने काहीबाही जोडायचा प्रयत्न केला, दुसऱ्याच नाटकातलं एक वाक्य बोलून बसला, आणि मंडप फुटला हसून. शेवटी मालकाने पडदा पाडला. पाहुणे चहा न घेता निघून गेले.

मालक विंगेत आला तो लालबुंद होऊन. विचारलं, "वाक्य देलं का नाही तू?"

मी म्हटलं, "दोनदा देलं."

बघा, चूक इथपर्यंत कदाचित चूकच होती. क्षणाचा मत्सर म्हणा, काय म्हणायचं ते म्हणा. पण हे दोन शब्द मी शुद्धीवर बोललो. दयाराम मालकाच्या मागेच उभा होता, घामाने रंग ओघळलेला. मला वाटलं, आता हा म्हणेल, खोटं आहे. तो म्हणाला, "मास्तरनं देलंच असंल जी. मलेच आयकू नाही आलं. माहा कान गेला वाटते."

आणि मी मान हलवली. सहानुभूतीने!

पुढचं झटपट झालं. डॉक्टरचा कान गेला, ही बातमी एका मंडईतून दुसऱ्या मंडईत पोचायला कितीसा वेळ लागणार? झाडीपट्टीत कान गेलेला नट म्हणजे बिनचाकाची बंडी. पुढच्या सीझनला एकाही कंपनीने त्याला विचारलं नाही. तो भंडाऱ्याला कानाच्या डॉक्टरकडे गेला. मीच घेऊन गेलो, होय, मीच — मित्र ना मी! डॉक्टरने तपासून सांगितलं, कान ठणठणीत आहे. बाहेर येऊन दयाराम म्हणाला, याच्या मशीनीले समजलं नसंल, माहा कान येजा करते. मशीनपेक्षा माझ्यावर विश्वास जास्त. बसस्टँडवर मी त्याला चहा पाजला आणि म्हटलं, होते कधीकधी असं. त्यानंतर तो लसणाचं गरम तेल कानात घालत राहिला, स्टेजवर पुन्हा चढला नाही आणि धानाच्या बांधीत उतरला तो कायमचाच. सिनेमातल्या बापाचं काम दुसऱ्या कुणी केलं. चांगलं केलं असेल. मी तो सिनेमा पाहिलेला नाही.

आणि मी काय केलं? मी अमेरिकेतल्या निर्मात्यांवर चिडलो. वर्षानुवर्षं, जाहीरपणे, टाळ्या घेत. एका चांगल्या नटाचं करिअर मातीत घातलं म्हणून ज्यांना मी शिव्या घातल्या, त्यांनी निदान त्याला कोट तरी शेवटपर्यंत घालू दिला. त्याच्या कानात शंका नाही घातली कुणी. मी तर त्यांच्याही वरचढ निघालो. आणि वर लोक मला झाडीपट्टीचे जाणकार म्हणतात. थू त्या जाणकारीवर.

मागच्या महिन्यात भंडाऱ्यातल्या एका वाचनालयात माझं भाषण होतं, त्याच अमेरिकनावर. दयाराम आला होता. करडीहून बसने, धुतलेला सदरा घालून, आणि हॉलमध्ये तिसऱ्या रांगेत बसला, उजवा कान पुढे करून. मी नेहमीसारखा तापलो. एवढ्या गुणी माणसाला कसं वापरलं, कसं फेकलं, त्याच्या सोबतच्यांपैकी कुणाच्या घशातून आवाज कसा फुटला नाही — सगळं बोललो. त्याच्याकडे बघत बोललो, असं आहे माझं कातडं.

भाषण संपल्यावर व्यासपीठावर आयोजक माझ्या कानाशी लागून हळूच म्हणाले, चहा सगळ्यांना सारखाच सांगू का? हॉलमध्ये खुर्च्या सरकत होत्या, लोक बोलत होते. तिसऱ्या रांगेतून दयाराम म्हणाला, "मले बिनसाखरेचा सांगजा जी."

कुणाच्या लक्षात आलं नाही. त्याच्याही नाही. मी खुर्चीचा हात घट्ट धरून बसून राहिलो.

नंतर जाताना तो माझ्यापाशी आला, माझा हात हातात घेतला. म्हणाला, "त्या अमेरिकावाल्यासाठी लय वाईट वाटलं गा मास्तर. त्याले तुह्यासारका मानूस भेटाले पाह्यजे होता."

मी काहीच बोललो नाही. यात माझा हातखंडा आहे.

चार दिवसांनी मी करडीला गेलो. सांगायचंच, असं ठरवून गेलो. अंगणात त्याची बायको सूप घेऊन बसली होती. मला बघून तिने आत हाक मारली — हाक कसली, बोंबच ठोकली, की मास्तरभाऊजी आले म्हणून. सुनेने मागच्या दारातून तेच पुन्हा ओरडून सांगितलं. त्याचा नातू, एवढासा, आजोबाला पाणी हवं का विचारायला त्याच्या कानापाशी जाऊन किंचाळला. त्या घरात जन्मलेल्या पोरांना माहीतच नाही, की आजोबाशी साध्या आवाजात बोलता येतं. दयाराम खाटेवर येऊन बसला. बायको हसत म्हणाली, भाऊजी, जरा जोरानं बोलजा, तुमाले त मालूमच आहे.

मला मालूमच होतं. एवढी वर्षं त्या माणसाशी कुणी हळू बोललेलं नाही. प्रेमाचं नाही, दुःखाचं नाही, कानात सांगायचं काही नाही.

आणि मी सांगायला आलो होतो ते ओरडून सांगण्यासारखं नव्हतं. ही सबब नाही. मी त्याला बांधावर नेऊ शकलो असतो, त्याच्या बाजूला बसून ओठांत पुटपुटलो असतो तरी त्याने उचललं असतं, शब्द न शब्द. मी तसं केलं नाही. मी पुढे वाकलो, तोंडाशी हात धरला, आणि त्याच्या चांगल्या कानात ओरडून विचारलं, की यंदा धान कसा आहे.